ॲमस्टरडॅमची सायकल-सहल: पुढच्याच्या चाकाकडे बघू नका

माझ्या सासऱ्यांनी पुण्यात चाळीस वर्षं सायकल चालवली. टिळक रोड, अलका टॉकीजचा चौक, भर पावसात, कॅरिअरवर सासूबाई डबलसीट. त्यामुळे आमच्याकडे आल्यावर 'गाइडबरोबर सायकलवरून शहर बघायचं' हे ऐकून ते हसलेच. "ही पोरं मला सायकल शिकवणार?" निघाल्यापासून पाचव्या मिनिटाला ते ट्रामच्या थांब्यासमोर आडवे झाले. सुदैवाने गुडघा खरचटण्यावर भागलं. त्यांच्या पायांना एक जुनी सवय होती: सायकल नुसती पळत असताना पायडल उलटं फिरवत बसायची. आपल्याकडे त्याने फक्त चेन टकटक वाजते. इथल्या बऱ्याच सायकलींत पायडल उलटं दाबलं की मागचा ब्रेक लागतो.

आम्ही ॲमस्टरडॅमला लागून असलेल्या आम्स्टलवेनला राहतो. इथे भारतीय कुटुंबं खूप, मराठीही बरीच, आणि उन्हाळा लागला की घराघरात आई-बाबा, मावश्या, मित्रमंडळी येतात. प्रत्येकाला मी एकच सांगते: सायकल-सहल आल्या आल्या करा, शेवटच्या दिवसासाठी ठेवू नका. गाइड सांगतो त्या इतिहासातला निम्मा तुम्ही विमानातही वाचू शकता. त्याच्याकडून घ्यायचं ते दुसरंच: या शहरात वाहतुकीतून कसं जायचं. ते तीन तासांत अंगात भिनलं, की उरलेले दिवस शहर तुमचं.

सहल ठरवताना

शहरातली साधी सहल अडीच-तीन तासांची असते आणि सायकलीसकट माणशी साधारण ३० ते ४० युरोंच्या आसपास पडते. अंतर फार नसतं. थांबत थांबत, गोष्टी ऐकत जायचं असतं, त्यामुळे दमछाक होत नाही. शहर सपाट आहे. चढ म्हणाल तर कालव्यांवरच्या कमानदार पुलांचा, तोही चार पायडलांचा.

नोंदणी करण्यापूर्वी तीन गोष्टी विचारा. एका गाइडमागे किती माणसं? दहा-बारांच्या वर गेली की सिग्नलला गट तुटतोच, आणि शेवटच्या दोघांना ना गोष्ट ऐकू येते ना रस्ता कळतो. हँडलवर दोन्ही हातांचे ब्रेक असलेली सायकल मिळेल का? आणि सुरुवात कुठून? मध्यवर्ती स्टेशनच्या समोरून निघणारी सहल नवख्यांनी टाळावी. तिथे ट्राम, टॅक्सी, चाकांच्या बॅगा ओढणारे पर्यटक आणि नऊची मीटिंग गाठणारे स्थानिक असे सगळे एकाच ठिकाणी येतात. संग्रहालयांच्या मैदानाजवळून, म्हणजे म्युझियमप्लाइनच्या बाजूने निघणारी सहल बरी.

वेळ सकाळी दहाच्या पुढची घ्या. आठ ते नऊ आणि संध्याकाळी पाच ते सहा या वेळांत सायकलींचे रस्ते आपल्या लोकलसारखे भरतात, आणि तिथे हळू चालवणाऱ्याची कुणी गय करत नाही. २७ एप्रिलला राजाचा वाढदिवस असतो. त्या दिवशी नारिंगी गर्दीत सायकल हातात धरूनही चालता येत नाही, सहलीचं नावच काढू नका. ४ मे रोजी इथे असाल तर रात्री आठ वाजता, युद्धात गेलेल्यांच्या स्मरणार्थ, दोन मिनिटं सगळं थांबतं. सायकलवर असाल तर उतरून उभे राहा.

पाऊस? येणारच. पावसासाठी सहली सहसा रद्द होत नाहीत. छत्री विसरा, इथला वारा ती उलटी करून हातात देतो. टोपीवालं रेनजॅकेट आणा. जीनपेक्षा लवकर वाळणारी पँट बरी. साडी किंवा लांब ओढणी चाकात अडकू शकते, तेव्हा त्या दिवशी नको.

आदल्या दिवशी एक तास

दहा-वीस वर्षांत सायकलला हात लावला नसेल तर थेट सहलीला जाऊ नका. आमच्याकडचे पाहुणे मी आधी आम्स्टरडाम्से बॉस या जंगलात नेते. हे जंगल मुळात माणसांनी लावलेलं आहे. १९३०च्या दशकातल्या मंदीत बेरोजगारांना काम म्हणून इथली जमीन खणली, तळी काढली, झाडं लावली. आज तिथे मोटारींशिवायचे लांबच लांब रस्ते आहेत. शहरात उतरला असाल तर १८६५ साली खुलं झालेलं वोंडेलपार्क आहेच, फक्त सकाळी लवकर जा.

तासाभरात तीन गोष्टी घोटून घ्या. एका हाताने हँडल धरून दुसरा हात बाजूला सरळ धरणं, कारण वळताना हात दाखवावा लागतो. सरळ रेषा न सोडता खांद्यावरून मागे बघणं. आणि उजवीकडून चालवणं. हे तिसरं सोपं वाटतं, पण रिकाम्या रस्त्यावर वळलात की हात आपोआप डावीकडे जातो. माझा अजूनही कधीकधी जातो.

सायकल ताब्यात घेताना

डच सायकली उंच आणि वजनदार असतात, आणि बसताना पाठ ताठ राहते. सीटवर बसून दोन्ही पायांचे चवडे जमिनीला टेकले पाहिजेत. पूर्ण लांब पायाने चालवणं योग्य असलं तरी पहिल्या दिवशी सीट दोन बोटं खालीच ठेवून घ्या. गाइडला हे सांगायला लाजू नका. मधली आडवी नळी नसलेली सायकल इथे पुरुषही सर्रास चालवतात, त्यामुळे 'लेडीज सायकल नको' हा बाणा घरी ठेवून या. थांब्याथांब्यावर उतरायचं आहे, टांग टाकायला नळी नसलेलीच सोयीची.

मग ब्रेक. हँडलवर एकच मूठ किंवा मुळीच नसेल, तर पायडलने ब्रेक लागतो असं समजा. निघण्यापूर्वी तिथल्या तिथे पाच-सहा वेळा थांबून बघा. पायाच्या ब्रेकची अजून एक खोड आहे: थांबलात की पायडल मागे फिरवून पुन्हा वर आणता येत नाही. म्हणून थांबतानाच एक पायडल वर राहील असं थांबायचं. सासरे हे शिकले आणि दुसऱ्या दिवशी मलाच शिकवू लागले.

कुलपं दोन असतात: मागच्या चाकाला बसवलेलं गोल कुलूप आणि वेगळी जाड साखळी. साखळी सायकलच्या सांगाड्यातून आणि एखाद्या पक्क्या कठड्यातून घ्यायची. नुसतं चाक बांधून गेलात तर परतल्यावर चाकच राहील. इथे माणसांपेक्षा सायकली जास्त आहेत आणि चोरही त्या मानाने. अनामत म्हणून कुणी मूळ पासपोर्ट ठेवून घ्यायला मागितला तर देऊ नका, कार्डावर रक्कम अडकवण्याचा पर्याय विचारा.

साध्या सायकलला हेल्मेट सक्तीचं नाही आणि स्थानिक लोक घालत नाहीत. त्यांचं सोडा, ते चालायला लागायच्या आधी सायकलवर बसलेले असतात. तुम्ही मागून घ्या.

रस्त्यावरची भाषा

सगळ्यात महत्त्वाचं हे: गटाने चाललात म्हणून तुमचा गट म्हणजे एक वाहन होत नाही. गाइड हिरव्यात गेला, मधले पिवळ्यात गेले आणि तुमच्यासमोर लाल झाला, तर तुम्ही थांबायचं. नवखा माणूस मात्र पुढच्याच्या मागच्या चाकावर डोळे लावून बसतो आणि त्याच्यामागे जत्रेत गेल्यासारखा चौकात शिरतो. मी पाहिलेले बहुतेक घोटाळे असेच झालेले आहेत. गाइड पलीकडे थांबतो. तो तुम्हाला सोडून जाणार नाही, त्याचं कामच ते आहे.

चिन्हं थोडीच आहेत. लालसर डांबराचा पट्टा आणि निळ्या गोलात पांढरी सायकल, म्हणजे तुमचा रस्ता. जमिनीवर रंगवलेल्या पांढऱ्या त्रिकोणांना इथे 'शार्कचे दात' म्हणतात. दातांची टोकं तुमच्याकडे असली तर तुम्ही थांबायचं, समोरच्याकडे असली तर त्याने. दातही नाहीत आणि सिग्नलही नाही, तर उजवीकडून येणाऱ्याला आधी जाऊ द्यायचं, मग तो ट्रकवाला असो वा शाळकरी पोर. अपवाद ट्रामचा. ट्राम कुणासाठी थांबत नाही, आणि तिची घंटा ऐकू आली की वाद घालायचा नाही.

ट्रामच्या रुळांची खाच सायकलच्या टायरएवढीच रुंद असते. रूळ ओलांडताना शक्य तितकं काटकोनात, सरळ आडवं जायचं. रुळाला समांतर जात हळूच वळायला गेलात तर पुढचं चाक खाचेत बसतं आणि सायकल जागच्या जागी लोळते. ओल्या रुळावर तर काटकोनातही ब्रेक दाबू नका. इथल्या पहिल्याच हिवाळ्यात मी हा धडा हाताच्या प्लॅस्टरसकट घेतला.

मागून घंटी वाजली तर ते चिडले आहेत असं नाही, त्यांना पुढे जायचंय. उजवीकडे सरका. दोघं-दोघं गप्पा मारत चालवायचा मोह आवरा. आणि फोटोसाठी सायकलच्या पट्ट्यावर थांबू नका, उतरून फुटपाथवर चढा. सायकल चालवताना मोबाइल हातात धरायला २०१९ पासून बंदी आहे आणि दंड शंभर युरोंच्या वर जातो. मोटारींची भीती मात्र फार बाळगू नका. डिसेंबर २०२३ पासून शहरातल्या बहुतेक रस्त्यांवर ताशी ३० किलोमीटरची मर्यादा आहे.

आता शहर

प्रत्येक गाइडचा क्रम वेगळा, पण मला आवडणारी वाट राइक्सम्युझियमच्या खालून सुरू होते. हो, खालूनच. पियर कायपर्स या वास्तुविशारदाची ही इमारत १८८५ साली उघडली, आणि तिच्या पोटातून सार्वजनिक रस्ता जातो. २००३ नंतर मोठी डागडुजी निघाली तेव्हा या बोळाचा वापर संग्रहालयाच्या प्रवेशद्वारासाठी करायचा बेत होता. सायकलवाल्यांच्या संघटनेने तो हाणून पाडला, आराखडा बदलावा लागला, आणि २०१३ साली बोळ पुन्हा सायकलींना खुला झाला. आत कमानींखाली बहुतेक वेळा कुणीतरी व्हायोलिन किंवा अकॉर्डियन वाजवत असतं आणि आवाज असा घुमतो की पायडल आपोआप मंदावतं. मंदावू द्या, पण थांबू नका. मागून लोक कामाला चाललेले असतात.

इथेच गाइडला विचारा, की हे शहर असं सायकलींचं झालं कसं. बऱ्याच जणांना वाटतं, डच लोकांच्या रक्तातच आहे. तसं नाही. १९६०च्या दशकात इथेही जुनी घरं पाडून मोटारींसाठी रुंद रस्ते काढायचे बेत होते. १९७१ मध्ये देशभरात रस्त्यांवर तीन हजारांहून जास्त माणसं मेली, त्यात चारशेंवर मुलं होती. आईबाप रस्त्यावर उतरले, 'मुलांची हत्या थांबवा' असं नाव घेतलेली चळवळ उभी राहिली. त्यात १९७३चं तेलसंकट आलं आणि सरकारने रविवार मोटारींविना पाळायला लावले. तुम्ही ज्या लाल पट्ट्यावर चालताय तो असा भांडून मिळालेला आहे. पुण्याला एके काळी सायकलींचं शहर म्हणत. इथे उभं राहून ते आठवलं की जरा टोचतं.

पुढे कालव्यांचा पट्टा. शहराने १६१३ पासून आखून खणलेल्या या कालव्यांना २०१० साली जागतिक वारशाचा दर्जा मिळाला. पर्यटक इथे हमखास हरवतात, कारण सगळे कालवे सारखेच दिसतात. युक्ती सोपी आहे. आतून बाहेर जाताना सिंगेलनंतर हेरेनख्राख्त, केझर्सख्राख्त, प्रिन्सेनख्राख्त असा क्रम लागतो. पाट्यांवर रोमन लिपीत त्यांची पहिली अक्षरं एच, के, पी, म्हणजे वर्णानुक्रमानेच. अक्षर पुढे सरकतंय तर तुम्ही बाहेर चाललात.

घरांकडे बघताना मान वर करा, पण त्यासाठी आधी सायकल थांबवा. घरं अरुंद आणि खोल. माथ्यावर कुठे पायऱ्यांसारखा कळस, कुठे मानेसारखा, कुठे घंटेसारखा. पायऱ्यांचा बहुधा जुना, घंटेचा नंतरचा. प्रत्येक घराच्या टोकाला तुळई आणि तिला आकडा. जिने इतके अरुंद की कपाट-पलंग आजही दोराने बाहेरूनच वर चढवतात. बरीच घरं रस्त्याकडे वाकलेली दिसतात. काही मुद्दाम तशी बांधलेली, म्हणजे वर ओढलेला माल भिंतीला घासत नाही. बाजूला कलंडलेली मात्र खरंच कलंडलेली आहेत. हे शहर चिखलात ठोकलेल्या लाकडी खांबांवर उभं आहे. डाम चौकातला राजवाडा, जो १६५५ साली नगरसभेची इमारत म्हणून खुला झाला, त्याच्याखाली १३,६५९ खांब आहेत.

हेरेनख्राख्तच्या वळणावर सर्वांत श्रीमंत व्यापाऱ्यांचे वाडे आहेत. चांगला गाइड इथे सतराव्या शतकाला नुसतं 'सुवर्णयुग' म्हणून पुढे जात नाही. या पैशात गुलामांच्या व्यापाराचा आणि गुलामांच्या श्रमाचा वाटा होता. शहराच्या महापौर फेम्के हाल्सेमा यांनी १ जुलै २०२१ रोजी त्याबद्दल शहराच्या वतीने जाहीर माफी मागितली. गाइड याबद्दल बोलला नाही तर विचारा. उत्तरावरून गाइड कसा आहे तेही कळतं.

आम्स्टल नदीवरचा पांढरा, लाकडी माखरे पूल ओलांडून जुन्या ज्यू वस्तीत आलात की वेग आपोआप उतरतो. १६७५चं पोर्तुगीज सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ आहे, त्याच्याजवळ एका गोदी कामगाराचा पुतळा. फेब्रुवारी १९४१ मध्ये नाझींनी चालवलेल्या ज्यूंच्या धरपकडीविरुद्ध शहराने संप केला, ट्रामसुद्धा थांबल्या. त्याची ती आठवण. थोड्याच अंतरावर डॅनिएल लिबेस्किंड यांनी रचलेलं, २०२१ साली खुलं झालेलं, नाझींनी मारलेल्यांच्या नावांचं स्मारक आहे. विटांच्या भिंती, एका विटेवर एक नाव, जन्मतारीख आणि मृत्यूच्या वेळचं वय. एक लाख दोन हजारांहून जास्त विटा. गट घाईत असला तरी इथे सायकल लावून आत जा. माझ्या सासूबाई एका विटेपाशी बराच वेळ उभ्या होत्या. त्या विटेवर वयाच्या जागी एकच अंक होता.

बंदराच्या बाजूला १६५६चं नौदलाचं कोठार आता सागरी संग्रहालय आहे. बाहेर उभं असलेलं तीन डोलकाठ्यांचं जहाज म्हणजे १७४९ मध्ये पहिल्याच सफरीत इंग्लंडच्या किनाऱ्याला रुतलेल्या 'ॲमस्टरडॅम' या जहाजाची प्रतिकृती. ज्या डच ईस्ट इंडिया कंपनीचं ते जहाज, तिचं मुख्यालय शहरात आउडे होखस्ट्राट नावाच्या गल्लीत आहे. बऱ्याच सहली तिथे थांबत नाहीत, कारण गल्ली चिंचोळी. तुम्ही गाइडला विनंती करा, नाहीतर नंतर पायी जा. कंपनी १६०२ची, इमारत त्यानंतर चारच वर्षांनी उभी राहू लागली. आज तिथे विद्यापीठ आहे आणि अंगणात पोरं कॉफी पीत बसलेली असतात. कोकणातल्या माणसाने इथे जरूर यावं. वेंगुर्ल्याची ती पडझड झालेली डच वखार याच कंपनीची. माझं आजोळ वेंगुर्ल्याचं. लहानपणी त्या भिंतींमागे लपाछपी खेळताना तिचा मालक कुठे बसतो, असा प्रश्न कधी पडला नव्हता.

शेवट योर्डानमध्ये. सतराव्या शतकातली ही कामकऱ्यांची वस्ती, आता घरांच्या किमती विचारू नका. जवळच वेस्टरकेर्क हे चर्च, जिथे १६६९ मध्ये चित्रकार रेम्ब्रांटला पुरलं, पण थडग्याची नेमकी जागा कुणालाच ठाऊक नाही. शेजारी प्रिन्सेनख्राख्त २६३, ॲन फ्रँकचं घर. सहलीत ते फक्त बाहेरून दिसतं. आत जायचं असेल तर तिकिटं ऑनलाइनच, दर मंगळवारी सहा आठवड्यांनंतरच्या भेटींची निघतात आणि भराभर संपतात. म्हणजे विमानाचं तिकीट काढलं की पुढचं काम हे.

बारीकसारीक

निघण्यापूर्वी स्वच्छतागृहाला जाऊन या. रस्त्यावर पुरुषांसाठी हिरव्या लोखंडी जाळ्यांच्या मुताऱ्या आहेत, बायकांची सोय जवळपास नाहीच. कॅफेत काहीतरी विकत घेऊन मग तिथलं वापरावं लागतं, नाहीतर पन्नास-सत्तर सेंट सुटे लागतात. खाण्यात योर्डानमधला ॲपल पाय घ्या, सायीसकट. कच्चा हेरिंग मासा कांद्याबरोबर खायचं धाडस ज्याचं त्याने. वाटेत पवनचक्कीशेजारी बिअरची भट्टी लागते आणि काही गाइड तिथे थांबतात. मद्याची मर्यादा सायकलवाल्यांनाही लागू आहे, म्हणून एकावर थांबा. खिडक्यांच्या वस्तीतून, म्हणजे वेश्यावस्तीतून, गटांना नेता येत नाही, तेव्हा गाइड वळसा घालतो. एकटे गेलात तर तिथे कॅमेरा खिशातच ठेवा.

लहान मुलं असतील तर मागची खुर्ची किंवा पुढे लाकडी पेटी असलेली सायकल आधी कळवून मागवा. गुडघे दुखणाऱ्या आजीलाही त्या पेटीत बसवून फिरवलेलं मी पाहिलंय. आजी रुसल्या नव्हत्या, उलट हात हलवत होत्या.

सहलीनंतर

सायकल लगेच परत करू नका. भाडं दिवसाचं ठरवून घ्या आणि दुपारी स्टेशनच्या मागे जा. तिथून आय हा जलमार्ग ओलांडणाऱ्या होड्या सायकलसकट फुकट नेतात. पलीकडचं नॉर्ड मोकळं आहे, पंधरा-वीस मिनिटांत गवताळ बांध आणि गायी लागतात. परतल्यावर स्टेशनसमोर पाण्याखाली बांधलेला सायकलतळ बघा. २०२३ साली उघडला, सुमारे सात हजार सायकली मावतात आणि पहिले चोवीस तास पैसे पडत नाहीत. आपली सायकल कोणत्या रांगेत लावली त्याचा फोटो काढून ठेवा. आम्ही काढला नव्हता आणि पाऊण तास सात हजारांत एक काळी सायकल शोधली. त्या सगळ्याच काळ्या होत्या.

आणि राहणार असाल तर रविवारी सकाळी सातला, गाइडविना, त्याच वाटेने पुन्हा जा. रेखुलिर्सख्राख्त आणि हेरेनख्राख्त मिळतात त्या कोपऱ्यावर थांबा. तिथून एकामागे एक सात पूल एका ओळीत दिसतात. सासऱ्यांनी ते तीनदा मोजले, दर वेळी सहाच भरले. गोष्टीतल्या दहा जणांत मोजणारा स्वतःलाच विसरतो, तसं ते ज्याच्यावर उभे होते तो पूल धरत नव्हते.